भौगोलिक क्षेत्र : भारत

कडा, ता. आष्टी
९ डिसेंबर २०२५

बद्रीनाथ,

वर 'चिरंजीव' लिहिलेलं नाही, ते विसरून नाही. खाली आशीर्वादही शोधू नकोस. माझा नंबर तू बंद करून ठेवलास, म्हणून ही पोस्टाची वाट धरली. पोचपावती जोडली आहे. पत्र मिळालंच नाही असं अंबाजोगाईच्या चार लोकांत सांगत फिरायची सोय तुला ठेवलेली नाही.

तुझ्या दाजींच्या हातून पाठवलेला गाडीच्या क्लेमचा फॉर्म परत पाठवतेय. सहीची जागा कोरी आहे आणि कोरीच राहील. गाडी माझ्या नावावर आहे, दूध संकलनाच्या धंद्यावर घेतलेली आहे, आणि माझ्या सहीशिवाय तुझी कंपनी तो कागद हातात धरत नाही एवढं मलाही कळतं.

त्या फॉर्मात एक प्रश्न आहे. 'अपघातापूर्वी वाहन भारताच्या हद्दीबाहेर नेले होते काय?' त्याच्यापुढे तुझ्या त्या वळणदार अक्षरात लिहिलंय, 'नाही.' आणि अपघाताची जागा म्हणून सोनौली ते गोरखपूर रस्ता, म्हणजे सीमेच्या अलीकडे, आपल्या देशात.

नाही? मग मायच्या तेराव्याला मांडवात उभा राहून तू काय सांगितलंस ते मी आठवण करून देते. तू म्हणालास, मायनं पशुपतिनाथाचं दर्शन डोळे भरून घेतलं. देवळाबाहेर आल्यावर तिनं आपल्या हातानं पेढा खाल्ला. परत येताना सीमा थोडी राहिली असताना, पलीकडच्या रस्त्यावर ट्रकनं ठोकलं. तिथून गोरखपूरच्या दवाखान्यात आणलं आणि तिथं ती गेली. हे तू सांगत होतास तेव्हा बाया पदरानं डोळे पुसत होत्या. घरोघर पाकिटातून प्रसाद वाटलास. शेजारच्या वत्सलाबाईंनी तो देव्हाऱ्यात ठेवलाय. मी पण ठेवलाय.

त्या एका पेढ्यावर मी हा महिना काढला, बद्री. माय गेली हे खरं, तिचं तोंडसुद्धा मला बघायला मिळालं नाही हेही खरं, पण तिचा पेढा तिला मिळाला, असं म्हणून मी रोज पहाटे दुधाच्या कॅन उघडायला उभी राहते.

तुला हे कळायला नको का? तू त्याच घरात वाढलास. दादा आणि माय जोडीनं केदारनाथाला जाऊन आले, तेव्हा तू कॉलेजात होतास. केदारनाथाला देवाची पाठ, पशुपतिनाथाला तोंड. एक केलं आणि दुसरं राहिलं तर दर्शन अर्धं, असं तिला कुणीतरी तिथंच सांगितलं. दादा म्हणाले, पुढच्या वर्षी जाऊ. पुढच्या वर्षी दादाच राहिले नाहीत. त्या दिवसापासून मायनं गोड सोडलं. 'देवाचं तोंड बघीन तवाच माझं तोंड गोड करीन', हे तिचं बोलणं. साखर कारखान्याच्या गावात राहायचं, गाळप सुरू झालं की घरात मळीचा वास, नाव साखराबाई, आणि बाई पिते बिनसाखरेचा चहा. गाव हसायचं. ती पण हसायची. दिवाळीला तू तिच्या तोंडाशी करंजी नेलीस तेव्हा तिनं तुझा हात कसा बाजूला केला होता, आठवतंय?

आणि विम्याचं म्हणशील तर तेही ऐक. निघायच्या आधी मी तुला विचारलं होतं, ही पॉलिसी नेपाळात चालते का. तू माझ्याच ओट्यावर बसून, माझ्याच म्हशीच्या दुधाचा चहा पीत म्हणालास, "आक्का, मी विमेवाला हाय का भाजीवाला? पॉलिसीवर भौगोलिक क्षेत्र भारत असं छापलेलं असतंय. नेपाळला न्यायची तर जास्तीचा हप्ता भरून तसं लिहून घ्यावं लागतंय. करून टाकतो. तू कावून काळजी करतीस?"

केलं नाहीस. मी पॉलिसी काढून वाचली. भारत, पुढे काही नाही. लोकांना दारोदार जाऊन विमा विकणारा माणूस आपल्या आईला न्यायच्या गाडीचा कागद करायला विसरला. आणि आता तुझी चूक झाकायला तू अख्खा नेपाळच पुसून टाकतोयस. नेपाळबरोबर पशुपतिनाथ जातो, दर्शन जातं, पेढा जातो. ते तुला दिसत नाही.

गाडीचं नुकसान मी सोसेन. पण मायनं दर्शन घेतलंच नाही, असं मी माझ्या सहीनं लिहून देणार नाही. जमलं तर आरशात बघ.

संगीता


कडा
१९ डिसेंबर २०२५

बद्रीनाथ,

पोचपावती आली. सही तुझीच आहे, खालची रेघसुद्धा नेहमीसारखी लांबलचक. उत्तर मात्र नाही. उत्तर दाजींच्या मोबाइलवर, तेही मी गोठ्यात असताना. 'आक्काला म्हणावं कागदात लिव्हलंय ते बरोबर हाय, डोळे झाकून सही कर.'

बरोबर आहे! केवढी ही हिंमत. खोटं बोलायचं आणि वर ते 'बरोबर' म्हणून माझ्याच नवऱ्याकडून कळवायचं. तुझे दाजी बिचारे फोन हातात धरून माझ्यापुढे उभे, जणू त्यांनीच चोरी केलीय. त्यांना मध्ये घालू नकोस. त्यांचा स्वभाव तुला माहीत आहे, म्हशीनं लाथ मारली तरी तेच तिची माफी मागतात.

कागदाला गोरखपूरकडच्या पोलिसांचा पंचनामा जोडलाय, असंही सांगितलंस म्हणे. जोडला असशील. अपघातग्रस्त गाडी ओढून इकडे आणायची आणि इकडचा कागद करून घ्यायचा, हे तुमच्या धंद्यात नवीन नसेल. मी दूध घेते, बद्री. कुणी पाणी घातलं तर मशीन लावायच्या आधी मला बोटाला कळतं. तुझ्या बोलण्यातलं कळायला मशीन लागत नाही.

परवा रहिमाबी आली होती. आपल्या सलीमची बायको. तू तिला नुसती 'ड्रायव्हरची बायको' म्हणतोस म्हणून नाव लिहिलं. अपघातात सलीमचा पाय मोडला, त्यात सळई घातलीय, तो अजून खाटेवर आहे. तो माझ्याकडे पगारावर, त्यामुळे त्याच्या उपचाराचं कलम माझ्याच पॉलिसीत आहे, हे तिला तूच फोन करून सांगितलंस ना? मला नंबर बंद आणि तिला फोन. तुझं डोकं चालतं तिथं लई चालतं.

ती ओट्यावर बसली. चहा घेतला. मग म्हणाली, "बाई, आमी भीक मागाया आलो न्हाई. ड्रायव्हरचं कलम हाय म्हन्त्यात. तुमी सही न्हाई केली तर ते बी जाईल."

मी म्हटलं, सलीमचं मी बघीन, पण खोट्यावर सही करणार नाही. तिला मायचं व्रत सांगितलं, पेढा सांगितला. तिनं सगळं ऐकून घेतलं. उठताना म्हणाली, "आजी मला बी सख्ख्या आजीवानीच होत्या. पर त्या गेल्या बाई. माझा माणूस जित्ता हाय."

तिच्या त्या बोलण्याचा राग मी तुझ्यावर काढतेय, कारण तो तुझाच आहे. तू एका गरीब बाईला माझ्या दारात उभी केलीस, म्हणजे मी वाकेन असं तुला वाटलं. मी वाकत नाही. कंपनीचा सर्व्हेअर जबाब घ्यायला येणार आहे, असं कळलं. येऊ दे. गाडीची मालकीण म्हणून तो मलाच विचारणार आणि मी खरं तेच सांगणार. तुझी एजन्सी राहते की जाते ते तू आणि तुझी कंपनी बघून घ्या.

संगीता


कडा
२ जानेवारी २०२६

बद्रीनाथ,

सर्व्हेअर येऊन गेला. तरुण आहे, बीडहून मोटारसायकलवर आला, धुळीनं भरलेला. त्याला पाय धुवायला पाणी दिलं आणि बसवून सगळं सांगितलं.

त्यानं विचारलं, वाहन देशाबाहेर नेलं होतं का? मी म्हटलं, हो. नेपाळात. पशुपतिनाथाला. माझ्या आईनं दर्शन घेतलं, पेढा खाल्ला, आणि परत येताना पलीकडेच अपघात झाला. त्यानं दोनदा विचारलं, "बाई, तुम्हाला परिणाम माहीत आहे ना? क्लेम नामंजूर होईल." मी म्हटलं, माहीत आहे. पेढ्याचं त्याच्या कागदात काही काम नव्हतं, पण मी तेही लिहायला लावलं. मग सही केली. अशी ठसठशीत सही मी बँकेतसुद्धा कधी केली नव्हती.

तो गेल्यावर मला फार बरं वाटलं, हे तुला मुद्दाम कळवते. मायसाठी मी शेवटचं काही करू शकले नव्हते. तुझ्या फोननं कळलं, आणि तुझ्याच फोननं तिचं सगळं उरकलं असंही कळलं. तुला थांबायचं नव्हतं आणि आम्हाला पोचायला जमलं नाही. तर हे तरी केलं. तिचं दर्शन कुणी खोडू शकणार नाही, आता ते सरकारी भाषेत लिहिलं गेलं.

आता तुझा सत्कार कुणी करणार असेल तर करू दे. संभाजीनगरला एजंट लोकांचा मोठा कार्यक्रम होता ना, तुझं नाव पहिल्या पाचात होतं म्हणे? त्यांना हा जबाब वाचून दाखव.

संक्रांतीच्या आधी मी सलीमकडे जाणार आहे. क्लेम जाणार आणि त्याचं औषधपाणी माझ्याकडे लागलं, हे त्याला माझ्या तोंडानं सांगायचंय. तुझ्यासारखं दुसऱ्याच्या मोबाइलवरून नाही.

संगीता


कडा
१४ जानेवारी २०२६

बद्री,

आज संक्रांत. धनश्रीनं तिळगुळाचा डबा पाठवला, वर चिठ्ठी, 'झालं गेलं विसरून जा.' तुझ्या बायकोला काय झालं आणि काय गेलं हे ठाऊक आहे का? नसेल तर हे पत्र तिला वाचायला दे. नाही दिलंस तर मी येऊन वाचून दाखवीन.

मी सलीमकडे गेले. तो भिंतीला टेकून बसला होता, पाय उशीवर. मी त्याला सर्व्हेअरला काय सांगितलं ते सांगितलं, वर म्हटलं, तू काळजी करू नको, तुझं सगळं मी करीन. रहिमाबी चहा ठेवायला आत गेली तेव्हा तो हळूच म्हणाला, "बाई, तुमी खोटं लिहून दिलं."

मला वाटलं, औषधाच्या गुंगीत बोलतोय.

"बद्रीभाऊला मी जबान दिलती," तो म्हणाला. "दवाखान्यात माझा हात धरून म्हणले, आक्काला सांगू नगंस, तिला लई लागंल. मला वाटलं तुमी सही करसाल, मंग सांगायचं काम पडणार न्हाई. रहिमाला बी सांगितलं न्हाई मी. पर तुमी आसं लिहून दिलं तर आता कसं गप बसू?"

मग त्यानं जे सांगितलं ते मी त्याच्याच शब्दांत लिहिते. माझे शब्द घातले तर तुला वाटेल आक्का रागात वाढवून सांगतेय.

"सोनौलीला आमी दुपारी पोचलो. परमिटला गाड्यांची लई मोठी रांग. बद्रीभाऊनं गाडीचे कागद काढले, विम्याचा कागद दोनदा वाचला. मंग म्हणले, सलीम, गाडी वळव. आजी म्हणल्या, कावून रे? तर म्हणले, आज गेट बंद हाय माय. गेट कुठलं बंद, बाई? समोरून माणसं चालत जात व्हती, शेरडं बी जात व्हती. आजीला कमी दिसायचं, पर इतकं बी कमी न्हाई. त्या म्हणल्या, मंग चालत जाऊ की, पलीकडून बस मिळंल. मी बी म्हणलो, गाडी मी हितं राखतो, तुमी दोघं जाऊन या. बद्रीभाऊ म्हणले, बसनं जायचं-यायचं म्हंजी लई दिवस मोडत्यात, माझा संभाजीनगरला सत्कार हाय. अन् पलीकडं काही झालं तर कोण देईल?"

पलीकडं काही झालं तर कोण देईल. हे तू तुझ्या आईला म्हणालास. गिऱ्हाइकाला नाही.

प्रसाद तिथंच, सीमेच्या अलीकडच्या दुकानातून घेतलास. सलीम म्हणाला, मायनं त्याला हात लावला नाही. मी विचारलं, आणि पेढा? तो म्हणाला, "परत येताना ढाब्यावर बद्रीभाऊनं तीन चहा सांगितले. आजीनं मालकाला हाक मारली. म्हणल्या, बाबा, माझ्यात साखर घालू नगं."

त्यानंतर थोड्याच वेळात तो ट्रक आला. अलीकडे. आपल्या देशात. पॉलिसीत बसतो तिथंच.

रहिमाबीनं चहा आणला. मी तो पिऊ शकले नाही, तसाच ठेवून घरी आले. दाजींनी विचारलं काय झालं, तर त्यांच्या अंगावर ओरडले. ते म्हशी सोडायला निघून गेले. मग मी देव्हाऱ्यातलं ते पाकीट काढलं. काय करावं कळेना. पाण्यात सोडावं तर तो प्रसाद नाही, आणि टाकून द्यावं तर दोन महिने मी त्याच्यापुढे हात जोडलेत.

दुसऱ्या दिवशी बीडला गेले. सर्व्हेअरच्या ऑफिसात बाकावर बसून राहिले. तो आला तेव्हा म्हटलं, माझा जबाब चुकीचा आहे, बदलून घ्या. तो चिडला. "बाई, आधी तर तुम्ही पेढासुद्धा लिहायला लावलात. मग तसं का सांगितलंत?" मी म्हटलं, मी सोबत नव्हते. माझ्या भावानं सांगितलं ते खरं मानलं. त्यानं मला खालपासून वरपर्यंत बघितलं. सलीमचा जबाब घेईन, टोलनाक्याच्या नोंदी मागवीन आणि मगच ठरवीन म्हणाला. मग त्यानं पुन्हा पहिल्यापासून सगळे प्रश्न विचारले आणि मला एकेकाचं उत्तर मोठ्यानं द्यावं लागलं. वाहन देशाबाहेर नेलं होतं का? नाही. नेपाळात गेलं होतं का? नाही. "म्हणजे तुमच्या आईचं दर्शन झालं नाही?" हा प्रश्न कागदात नव्हता, त्यानं आपलं सहज विचारलं. त्यालाही उत्तर दिलं. नाही झालं.

हा शब्द तू तुझ्या घरात बसून शाईनं लिहिलास. मला तो चार माणसांत तोंडानं बोलावा लागला. हा हिशेब मी विसरणार नाही.

तुझ्या फॉर्मवर सही केली आहे. सलीमचं कलम आता बसेल असं सर्व्हेअरचं मत दिसलं. तुझी एजन्सीही राहील. तुझा कागद अगदी चोख आहे, बद्री. पंचनामा खरा, जागा खरी, 'नाही' खरं. मी तुला महिनाभर कागदावर खोटं लिहिणारा म्हणून शिव्या घातल्या आणि तू एका अक्षरानं खोटं लिहिलं नव्हतंस. कंपनीला खरं सांगितलंस आणि खोटं ठेवलंस ते आमच्यासाठी. तू कंपनीला फसवलं असतंस तर मला चाललं असतं. देवाशपथ सांगते, आनंदानं चाललं असतं. तू चोर निघाला असतास तर माझ्या मायनं पेढा खाल्ला असता.

आणि ते 'आक्काला लई लागंल' मला सांगू नकोस. मला लागू नये म्हणून तू ते लपवलंस, हे खरं नाही. मांडवात लोक विचारणार, एवढ्या लांब नेऊन दर्शन न घेता आणलं का रे, तर त्यांना काय सांगायचं, ही तुझी अडचण होती.

तिळगुळाचा डबा या पत्राबरोबर परत पाठवतेय. दोरासुद्धा सोडलेला नाही. मी गोड सोडलंय. मायचं राहिलेलं आता माझ्याकडे आहे. येत्या महाशिवरात्रीला मी आणि तुझे दाजी निघतोय, रेल्वेनं गोरखपूर, तिथून बसनं सोनौली. मायचं हिरवं लुगडं पिशवीत घेतलंय. पशुपतिनाथापुढे ते उलगडून धरीन आणि बाहेर येऊन पेढा खाईन. आपण येतो म्हणून निरोप पाठवू नकोस. गाडी देतो म्हणून तर मुळीच पाठवू नकोस.

आम्ही सीमेवरच्या त्या कमानीखालून चालत जाणार आहोत. शेळ्या जातात तसं. मायही गेली असती, हातात काठी घेऊन, हळूहळू, वाटेत दोनदा बसून. तुला फक्त तिचा हात धरायचा होता आणि गाडी सलीमपाशी ठेवायची होती. विमा गाडीला लागत होता, बद्री. मायला लागत नव्हता.

संगीता